विभवांतर : एका शब्दाची वाटचाल

यवतमाळ जिल्ह्याच्या दक्षिण सीमेवर, पैनगंगेच्या अलीकडच्या तीरावर झरी जामणी तालुका पसरला आहे. नदीपलीकडे तेलंगणातील आदिलाबाद जिल्हा. अलीकडे कपाशीची काळी राने, सागाचे जंगल आणि त्या जंगलाच्या आडोशाने वसलेले कोलाम बांधवांचे पोड. मृग नक्षत्राच्या तोंडाशी या भागात आभाळ भरून येते तेव्हा पावसाच्या आनंदात थोडी भीतीही मिसळलेली असते. पहिला पाऊस विजा घेऊन येतो. अशाच एका पावसाळ्याच्या आरंभी आम्ही तेथील एका पोडावर गेलो होतो. आदल्या दिवशी मोहाच्या झाडावर वीज पडली होती. झाडापासून काही पावलांवर बांधलेली बैलजोडी जागच्या जागी कोसळली. बैलांच्या शेजारीच उभा असलेला त्यांचा वृद्ध धनी मात्र खाली पडला, काही वेळ त्याच्या पायांतले बळ गेले आणि मग तो उठून बसला. अंगावर एक ओरखडाही नव्हता.

आम्हाला पाहताच त्या कास्तकाराने विचारले, "फादर, बैल मेले न् मी कसा काय वाचलो जी? मी त त्याईच्याच बाजूले उभा होतो." परमेश्वराची कृपा, असे उत्तर आमच्या ओठांवर आले होते आणि ते खोटेही नव्हते. परंतु कृपेचे नाव घेऊन प्रश्न मिटविणे आम्हाला त्या क्षणी प्रशस्त वाटले नाही. आम्ही गप्प राहिलो. शेजारी खाटेवर त्यांचा नववीत शिकणारा नातू विज्ञानाचे पुस्तक घेऊन बसला होता. तो धडा घोकीत होता. एका बिंदूपासून दुसऱ्या बिंदूपर्यंत एकक धनप्रभार नेताना करावे लागणारे कार्य म्हणजे त्या दोन बिंदूंमधील विभवांतर, अशी ती व्याख्या होती. मुलाला ती बिनचूक पाठ होती.

एकाच्या मुखी प्रश्न आणि दुसऱ्याच्या मुखी त्याचे उत्तर. दोघांत जेमतेम दोन हातांची जागा. तरीही प्रश्नाची आणि उत्तराची गाठ पडत नव्हती. आजोबांना तो शब्द ठाऊक नव्हता आणि नातवाला त्या शब्दाचा अर्थ ठाऊक नव्हता. हा शब्द आला कोठून, त्याला हा अर्थ कसा लाभला आणि तो पोडापर्यंत पोहोचूनही का पोहोचला नाही, याचा शोध घ्यावा असे त्या दिवसापासून आमच्या मनात होते.

'विभव' हा शब्द आपल्या भाषेला परका नाही. 'भू' या धातूला 'वि' उपसर्ग लागून तो सिद्ध होतो. संस्कृतात त्याचा अर्थ सामर्थ्य, संपत्ती, थोरवी असा आहे आणि आपला नित्याचा 'वैभव' शब्द त्याच्याच कुळातला. पंचांग वाचणाऱ्यांना साठ संवत्सरांच्या मालिकेतील दुसरा संवत्सर म्हणून विभव परिचित आहे. वैष्णव आचार्यांच्या परिभाषेत भगवंताच्या अवतारांनाही विभव अशी संज्ञा आहे. मराठीत शास्त्रीय परिभाषा घडविणाऱ्यांनी विजेसंबंधीच्या ज्या कल्पनेसाठी हा शब्द योजिला, तिचे पाश्चात्त्य नाव 'पोटेन्शियल'. हे नाव लॅटिन भाषेतील 'पोटेन्शिया' या शब्दापासून निघाले आहे.

या लॅटिन शब्दाशी आम्हा धर्मगुरूंची ओळख विज्ञानाच्या वर्गात होण्याआधी तत्त्वज्ञानाच्या वर्गात होते. सेमिनरीत संत थॉमस अक्वायनस यांची मांडणी शिकताना 'पोटेन्शिया' आणि 'आक्तुस' ही जोडी पहिल्याच वर्षी भेटली. बीजात वृक्ष होण्याची जी क्षमता दडलेली असते ती पोटेन्शिया. प्रत्यक्ष उभा राहिलेला वृक्ष म्हणजे आक्तुस. अॅरिस्टॉटलपासून चालत आलेला हा भेद पदार्थविज्ञानाने आपल्या कामापुरता उचलला. धरणात अडविलेले पाणी काही करीत नाही, पण करू शकते. हे 'करू शकणे' मोजता येते, एवढेच विज्ञानाने त्यात जोडले. मात्र ते मोजण्याची वाट सापडण्यास दोन शतके लागली, आणि त्या वाटेवर जागोजागी आमच्याच व्यवसायातील माणसे भेटतात.

विल्यम गिल्बर्ट यांनी १६०० मध्ये आपल्या लॅटिन ग्रंथात, घासल्यावर कस्पटे ओढणाऱ्या पदार्थांना तृणमण्याच्या ग्रीक नावावरून नाव दिले. १६२९ मध्ये निकोलो काबेओ या इटालियन जेझुइट धर्मगुरूंनी नोंदविले की ओढली गेलेली कस्पटे कधीकधी पुन्हा दूर फेकलीही जातात. १७४६ मध्ये हॉलंडमधील लायडन येथे काचेच्या बाटलीत वीज साठविण्याची युक्ती सर्वांना ठाऊक झाली. या बाटलीला 'लायडनची बाटली' हे नाव दिले ते फ्रान्समधील आबे नोले यांनी. हेही धर्मसेवेची दीक्षा घेतलेले. त्यांनी व्हर्सायच्या राजवाड्यात राजा पंधरावा लुई याच्यासमोर १८० शिपायांना हात धरून उभे केले आणि बाटलीची वीज त्यांच्यातून सोडली. सारेजण एकदम उडाले. पुढे पॅरिसमधील कार्थुझियन मठातील संन्याशांवर त्यांनी हाच प्रयोग मोठी रांग करून पुन्हा केला. मौनव्रती संन्याशांची ती रांग एकाच क्षणी उडी मारताना पाहून राजदरबारी मंडळी हसली असतील; परंतु तेथे एक गंभीर गोष्ट सिद्ध झाली होती. झटका लागण्यासाठी रांगेचे एक टोक बाटलीच्या आतील भागाशी आणि दुसरे बाहेरील भागाशी जोडावे लागे. दोन टोकांविना झटका नाही. विभवांतराचा अर्धा अर्थ तेव्हाच माणसांच्या हाती लागला होता. नाव मात्र कोणी दिले नव्हते.

नाव नसले की काय होते, हे पुढच्या काही वर्षांनी दाखविले. ६ ऑगस्ट १७५३ रोजी रशियातील सेंट पीटर्सबर्ग येथे गेओर्ग रिखमान नावाचे प्राध्यापक ढगातील वीज मोजण्यासाठी घरात यंत्र मांडून बसले होते. छपरावरून लोखंडी सळई आत आणली होती. ती जमिनीला जोडलेली नव्हती. वीज आली. रिखमान यंत्राकडे वाकले होते, ते तत्काळ गतप्राण झाले. त्याच खोलीत उभे असलेले खोदचित्रकार सोकोलोव खाली पडले, पण वाचले. एका खोलीत दोन माणसे. एकजण गेला, एकजण राहिला. पोडावरील आजोबांचा प्रश्न दोनशे सत्तर वर्षांपूर्वी युरोपातील विद्वानांनीही असाच विचारला असेल.

त्याच्या पुढील वर्षी, १७५४ मध्ये, मोराविया प्रांतातील प्शीमेतिसे या खेड्याच्या धर्मग्रामाचे प्रमुख धर्मगुरू प्रोकोप दिविश यांनी आपल्या आवारात उंच खांब उभारला. त्यावर लोखंडी टोकांचा झुबका होता आणि खांबाला तोलून धरणाऱ्या लोखंडी साखळ्या जमिनीत पुरलेल्या होत्या. ढगांतील वीज हळूहळू शोषून घ्यावी आणि वादळेच होऊ नयेत, असा त्यांचा हेतू होता. तो हेतू काही खरा नव्हता. परंतु त्या साखळ्यांमुळे खांब जमिनीशी जोडला गेला आणि नकळत एक उत्तम तडितरक्षक तयार झाला. अमेरिकेत बेंजामिन फ्रँकलिन त्याच सुमारास हेच काम करीत होते. दिविश यांच्या धर्मग्रामस्थांनी काय केले? १७५९ मध्ये अवर्षण पडले. फादरांच्या खांबाने पाऊस पळविला असे लोकांना वाटले आणि त्यांनी तो खांब पाडून टाकला. आम्ही ही कथा वाचतो तेव्हा त्या खेडुतांवर रागावत नाही. फादर दिविश यांनाही आपले यंत्र नेमके का चालते ते सांगता येत नव्हते. जे सांगता येत नाही ते लोकांच्या गळी उतरवावे तरी कसे?

त्या काळच्या चर्चच्या घंटांची कहाणी तर याहून दुःखद आहे. वादळात मनोऱ्यावरील घंटा वाजविली की विजा पांगतात, अशी युरोपभर समजूत होती. मी विजा मोडते, अशा अर्थाचे लॅटिन शब्द अनेक घंटांवर कोरलेले असत. गावातील सर्वांत उंच वास्तू चर्चचा मनोरा, त्याच्या टोकाशी धातू, आणि खाली ओला दोर धरून उभा घंटावादक. मनोऱ्यावर वीज पडली की त्या माणसाचे हात दोराशी आणि पाय फरशीशी. १७८४ मध्ये म्युनिक येथे प्रसिद्ध झालेल्या एका पुस्तकाने हिशेब मांडला : तेहतीस वर्षांत ३८६ मनोऱ्यांवर वीज कोसळली आणि १०३ घंटावादक प्राणास मुकले. हे सारे आपले श्रद्धावंत सेवक होते. त्यांच्या श्रद्धेत उणे नव्हते. त्यांना तेथे उभे करणाऱ्यांच्या ज्ञानात उणे होते. आम्ही धर्मगुरू या घटनेचे स्मरण फारसे करीत नाही. ते करावयास हवे.

विजेच्या 'किती' आणि 'केवढ्या जोराने' या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे स्पष्टपणे मांडण्याचे श्रेय इटलीतील कोमो नगरीचे अलेस्सांद्रो व्होल्टा यांना आहे. जेझुइटांच्या शाळेत शिकलेले व्होल्टा अखेरपर्यंत निष्ठावंत कॅथोलिक होते. १८१५ मध्ये त्यांनी आपल्या श्रद्धेचे लेखी निवेदनही केले होते. त्यांनी दाखविले की विजेचे तेवढेच प्रमाण लहान भांड्यात भरले तर तिचा ताण अधिक असतो आणि मोठ्या भांड्यात भरले तर कमी. एक घागर पाणी अरुंद नळकांड्यात ओतले तर पातळी उंच चढते, परातीत ओतले तर जेमतेम तळ झाकते, पाणी तितकेच. या 'ताणा'लाच आज आपण विभवांतर म्हणतो. मार्च १८०० मध्ये त्यांनी लंडनच्या रॉयल सोसायटीला पत्र लिहून आपला विद्युत-स्तंभ जगापुढे ठेविला : जस्ताच्या व चांदीच्या चकत्यांची जोडी, मध्ये मिठाच्या पाण्यात भिजविलेला पुठ्ठा, आणि अशा जोड्या एकावर एक. प्रत्येक जोडीतील ताण अगदी अल्प, पण थरावर थर चढत गेले की त्यांची बेरीज होते. दुकानात मिळणाऱ्या बॅटरीवर जो व्होल्टचा आकडा छापलेला असतो तो त्यांच्याच नावाचा. १८८१ मध्ये पॅरिस येथील आंतरराष्ट्रीय विद्युत परिषदेत हे एकक जगाने स्वीकारले.

तरीही 'पोटेन्शियल' हा शब्द व्होल्टा यांचा नव्हे. तो विजेच्या शास्त्रात रुजविला इंग्लंडमधील नॉटिंगहॅमजवळच्या एका पिठाच्या गिरणीवाल्याने. जॉर्ज ग्रीन यांचे वडील पाव भाजीत व गिरणी चालवीत. मुलाला शाळा मिळाली ती जेमतेम वर्ष-सव्वा वर्ष. पवनचक्कीवर काम करीत ग्रीन यांनी स्वतःच उच्च गणित आत्मसात केले आणि १८२८ मध्ये स्वतः वर्गणीदार जमवून एक निबंध छापला. वर्गणीदार होते एक्कावन्न. त्यातील बहुतेकांना त्या निबंधाचे पहिले पानही कळले नसावे. १८४१ मध्ये ग्रीन निवर्तले. चार वर्षांनी तरुण विल्यम थॉमसन यांच्या हाती तो निबंध लागला आणि त्यांनी तो पुन्हा प्रसिद्ध केला, तेव्हा विद्वानांना उमगले की विजेचे सारे गणित या एका कल्पनेभोवती फिरते. त्या निबंधाच्या आधीच, १८२७ मध्ये, गेओर्ग ओहम यांनी तारेतून वाहणाऱ्या धारेचा नियम मांडला होता. कोलोन येथील जुन्या जेझुइट विद्यालयात ते कित्येक वर्षे शिक्षक होते. त्यांच्या नियमातील 'जोर' आणि ग्रीन यांचे 'पोटेन्शियल' ही एकच वस्तू आहे, हे १८४९ मध्ये गुस्टाव्ह किर्खहोफ यांनी दाखवून दिले. तेथे ही कल्पना पूर्ण झाली.

ती कल्पना थोडक्यात अशी. कोणत्याही एका जागेच्या विभवाला एकट्याने अर्थ नाही. डोंगराची उंची आपण समुद्रसपाटीपासून मोजतो. समुद्र हा आपण मानलेला शून्य आहे. विजेच्या बाबतीत सामान्यतः जमीन हा शून्य मानतात. धारा वाहते ती दोन जागांच्या विभवांत अंतर असेल तरच. तारेवर बसलेली साळुंकी सुखरूप असते, कारण तिचे दोन्ही पाय एकाच तारेवर, जवळजवळ एकाच विभवावर असतात. तीच तार जमिनीवर उभ्या असलेल्या माणसाने धरली तर त्याचा एक हात उंच विभवावर आणि पाय शून्यावर असतात. घंटावादकाचे असेच झाले. तार मारीत नाही आणि जमीनही मारीत नाही. त्या दोहोंतील अंतर मारते, आणि ते अंतर माणसाच्या देहातून बुजविले जाते.

आता मराठी नावाकडे वळू. यवतमाळ हा जुन्या वऱ्हाडातील जिल्हा. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत तो मध्य प्रदेश राज्यात होता आणि त्याची राजधानी नागपूर. १९४० च्या दशकात लाहोर सोडून नागपुरास आलेले डॉ. रघुवीर तेथेच बसून इंग्रजी शब्दांसाठी संस्कृत धातू, उपसर्ग आणि प्रत्यय यांच्या आधारे हजारो भारतीय पर्याय घडवीत होते. त्यांच्या शब्दांची थट्टाही पुष्कळ झाली. पुढे १९६१ मध्ये केंद्र सरकारने वैज्ञानिक व तांत्रिक शब्दावली आयोग नेमला. 'विभव' हा शब्द त्या आयोगाच्या शब्दावलीत आहे आणि महाराष्ट्राच्या शालेय पुस्तकांनीही तोच घेतला. वाईच्या मराठी विश्वकोशाने मात्र निराळी वाट धरली. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादनाखाली सिद्ध झालेल्या त्या कोशाचा परिभाषासंग्रह १९७३ मध्ये निघाला. विश्वकोशाने या कल्पनेसाठी 'वर्चस्' हा शब्द वापरला. वर्चस् म्हणजे तेज. आपल्या 'वर्चस्व' शब्दात तोच दडलेला आहे. तिसरीकडे वीज मंडळाने लोकांना समजेल असा 'दाब' शब्द रूढ केला : उच्चदाब वाहिनी, लघुदाब वाहिनी. आणि गावात माणूस म्हणतो, "लाइन डिम आहे."

एकाच कल्पनेचे हे चार अवतार. तेज म्हणावे, वैभव म्हणावे, दाब म्हणावे की लाइन? आमचे मत विचाराल तर पहिल्या दोन शब्दांत एक उणीव आहे. तेज किंवा वैभव ही एकट्याची मालमत्ता वाटते. जणू तारेत काही ऐश्वर्य भरून ठेविले आहे. 'दाब' शब्द सोपा, पण तोही एकाच बाजूचा. खरी किमया 'विभवांतर' या जोडशब्दाच्या उत्तरार्धात आहे. 'अंतर' हा शब्द मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. वावरातील दोन धुऱ्यांमधले अंतर, दोन गावांमधले अंतर, मनामनांतले अंतर. ज्यांनी हा शब्द घडविला त्यांनी विज्ञानाचा गाभा त्या तीन अक्षरांत नेमका ठेविला. शिकविताना मात्र आपण 'विभव' घोकून घेतो आणि 'अंतर' गाळतो.

त्या बैलजोडीचा हिशेब याच अंतरात आहे. झाडावर पडलेली वीज मुळांवाटे जमिनीत शिरते आणि चोहोकडे पसरते. त्या क्षणी जमीन शून्यावर राहत नाही. झाडाच्या बुंध्याशी विभव प्रचंड चढतो आणि दूर जावे तसा उतरत जातो. विहिरीत खडा टाकल्यावर उठणाऱ्या वर्तुळांप्रमाणे तो कडे-कड्याने कमी होतो. म्हणून जमिनीवर ठेवलेल्या दोन पायांतही विभवांतर असते. त्यास पाऊल-विभवांतर म्हणता येईल. तीस हजार अँपिअरची धारा आणि शंभर ओहम-मीटर रोधकतेची सारखी जमीन धरून चालू. झाडापासून दहा मीटरवर अर्ध्या मीटरच्या अंतराने पाय ठेवून उभ्या असलेल्या माणसाच्या पायांत सुमारे २,३०० व्होल्टचे विभवांतर येते. तेथेच झाडाच्या दिशेने तोंड करून उभ्या असलेल्या बैलाच्या पुढच्या व मागच्या पायांत दीड मीटर अंतर असते. त्याच्या वाट्याला सुमारे ६,२०० व्होल्ट येतात. जवळजवळ पावणेतीन पट. शिवाय बैलाच्या पुढच्या पायांतून मागच्या पायांकडे जाणारी धारा काळजावरून जाते. माणसाची एका पायातून वर चढून दुसऱ्या पायातून उतरते. आजोबांच्या पायांतले बळ का गेले आणि प्राण का राहिले, त्याचे कारण हे.

हे कारण कळले की आचरणही कळते. आभाळ गडगडू लागताच पक्क्या घरात किंवा बंद वाहनात शिरावे. रानात अडकलोच तर एकाकी झाडापासून दूर जावे, दोन्ही पाय जुळवून उकिडवे बसावे, आडवे पडू नये. कारण आडवा देह म्हणजे लांब अंतर. जनावरे झाडाखाली बांधू नयेत. वादळात तार तुटून जमिनीवर पडली असेल तर लांब ढांगा टाकून पळू नये. पाय जुळवून, घासत-घासत, लहान पावलांनी दूर व्हावे. पुण्याच्या उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेने तयार केलेले 'दामिनी' हे भ्रमणध्वनीवरील साधन आसपास पडणाऱ्या विजांची सूचना देते. पण सूचना मिळाल्यावर कोठे आणि कसे थांबावयाचे, हे ज्याचे त्याला ठाऊक हवे.

या तालुक्यात विजेचे दुसरे संकट आभाळातून येत नाही. रानडुकरे पीक उद्ध्वस्त करतात. रात्रभर मचाणावर जागून कास्तकार थकतो आणि मग काहीजण खांबावरील लाइनीवर आकडा टाकून ती थेट कुंपणाच्या तारेत सोडतात. विदर्भात या बेकायदा कुंपणांनी वाघ मेले, गुरे मेली, शेजारचा कास्तकार मेला. कधी पहाटे विसरून स्वतःच तारेला हात लावणारा मालकही मेला. गावकरी आम्हाला विचारतात, "बाजारातल्या झटका मशीनमध्ये त हजारो व्होल्ट असतात म्हणे, तरी माणूस मरत नाही. मंग घरच्या लाइनीनं कसा मरतो?" प्रश्न रास्त आहे. झटका मशीनचे विभवांतर मोठे, पण ते सेकंदाच्या अगदी अल्प अंशापुरते येते आणि जाते; एक ठोका, मग सुमारे एक सेकंद विसावा. तेवढ्या अवधीत जनावर दचकून मागे सरते. घरच्या लाइनीचे २३० व्होल्ट थांबतच नाहीत. स्नायू आखडतात, हात तारेवरून सुटत नाही आणि काळीज थरथरून बंद पडते. तेव्हा केवळ किती अंतर एवढेच विचारून भागत नाही; ते किती वेळ आणि देहाच्या कोणत्या वाटेने, हेही विचारावे लागते. ओल्या जमिनीवर अनवाणी उभा असलेला माणूस ही सर्वांत सोपी वाट असते, आणि आमच्या भागातील माणूस पावसाळ्यात बहुधा अनवाणीच असतो.

या सर्व इतिहासातून जमिनीचे महत्त्व आमच्या मनात ठसले. शेतातील पंपाजवळ अर्थिंगचा खड्डा असतो. त्यात मीठ, कोळसा घालतात आणि उन्हाळ्यात वरून पाणी ओततात. बिघडलेल्या यंत्रावर चढलेले विभव त्या खड्ड्यातून उतरून जाते आणि हात लावणारा वाचतो. फादर दिविश यांच्या साखळ्यांनी हेच केले. रिखमान यांच्या सळईला ते लाभले नाही. लॅटिनमध्ये मातीला 'हुमुस' म्हणतात आणि नम्रतेला 'हुमिलितास'. दोन्ही शब्द एकाच मुळाचे. राखेच्या बुधवारी कपाळावर राख लावताना आम्ही लोकांना मातीची आठवण देतो. अभ्यासाने, पदाने किंवा व्यासपीठाच्या उंचीने जो चढला आहे त्याचे जमिनीशी नाते तुटले, तर त्याच्याजवळ येणाऱ्यास धोका असतो. विद्वानांची परिभाषा याला अपवाद नाही आणि आमची प्रवचनेही नाहीत.

त्या संध्याकाळी पोडावर आम्ही इतके काही सांगितले नाही. सारवलेल्या अंगणात कोळशाने एक टिंब काढले, ते मोहाचे झाड. भोवती वर्तुळे काढली. नातवाला सांगितले की प्रत्येक वर्तुळ म्हणजे एक पायरी, आत उंच आणि बाहेर सखल. मग त्याला बैलासारखे ओणवे व्हावयास सांगून त्याचे हात एका वर्तुळावर आणि पाय तिसऱ्या वर्तुळाबाहेर ठेविले. आजोबांना एका वर्तुळावर उभे केले. मुलगा ओणव्यानेच आपल्या हातांकडे आणि पायांकडे पाहत राहिला आणि म्हणाला, "म्हंजे फादर, हे दोन बिंदू मीच आहो?"

आजोबांनी खाली पाहिले. आपले पाय हळूच एकमेकांजवळ आणले, दोन्ही टाचा जुळविल्या आणि तसेच उभे राहून म्हणाले, "आता समजलं जी. पण हे बैलाले कोन सांगन?"